लिंकनचा आखूड पलंग

ऑर्व्हल टेस्के आमच्या कुंपणापलीकडे राहतो. माणूस कसला, नुसता बांबू. धान्याच्या कोठारावर तीस वर्षं वजनकाटा सांभाळला आणि एकोणीस वर्षं दर बारा फेब्रुवारीला, लिंकनच्या वाढदिवशी, कोर्टाच्या पायऱ्यांवर भाषण करणारा लिंकन झाला. दाढी स्वतःची, मिशी तेवढी लिंकनसारखी रोज सकाळी उडवलेली. मार्लिस, त्याची बायको, म्हणते, "मी टेस्केशी लग्न केलं, आणि झोपते मेलेल्या अध्यक्षाशेजारी."

यंदा कार्यक्रमाचा खर्च उचलला गाद्यांच्या दुकानवाल्या डेल हिनरिक्सनं. अध्यक्षांच्या वाढदिवसाला गाद्यांचा सेल लावणं हा आमच्या देशाचा धर्मच. माझीही गादी तिथलीच. पण हा बाबा ऑर्व्हलच्या ओसरीवर बसून, माझ्यादेखत म्हणतो,

"लिंकनला गोळी लागली तेव्हा पलंग आखूड पडला, तिरकं निजवावं लागलं. खरं ना?"

"खरं."

"मग आधी दुकानात आखूड पलंगावर तिरका पड. मग माझ्या लांब गादीवर सरळ. लोक फोटो काढतील. नंतर बोल पायऱ्यांवर हवं तेवढं."

ऑर्व्हल म्हणाला, "डेल, तो त्या पलंगावर मेला रे."

"म्हणून तर लोकांच्या लक्षात आहे."



"आणि नाही पडलो तर?"

"तर माईक नाही, खुर्च्या नाहीत. पायऱ्या सरकारी आहेत, त्या घे."

"पड की," मार्लिस म्हणाली, "घरी फुकटच पडलेला असतोस." तो हसला नाही. पडलाही नाही.

डेलनं शेजारच्या गावचा एक बुटका आणला, डिंकानं चिकटवलेल्या दाढीचा. आखूड पलंगावर तो सरळ मावला. तिघांनी धरून तिरका केला. अख्खं गाव रांगेत. पाद्रीबाई दुकानातल्या फुकटच्या चिलीची, खिमा-राजम्याच्या रश्शाची, वाटी चाटत त्याला म्हणाल्या, "जरा मेल्यासारखा कर ना." तीस वर्षं ओळखते मी ही तोंडं. काचेतून बघताना थुंकावंसं वाटलं.

पायऱ्यांवर ऑर्व्हल, समोर आम्ही नऊजण. वारा बोचरा. यादवी युद्ध संपत आलेलं असताना लिंकननं दुसऱ्यांदा अध्यक्षपदाची शपथ घेऊन केलेलं भाषण त्यानं म्हटलं. शेवटी येतं ते कुणावर दात न धरण्याचं वाक्य. तिथं समोरच्या डेलच्या दुकानात हशा पिकला, आणि ऑर्व्हल थांबला.

मार्लिसनं खालून पहिले शब्द पुटपुटले.

"माहीत आहेत मला," तो म्हणाला. "आज तोंडातून निघत नाहीत."

त्यानं उंच टोपी घातली आणि भाषण तिथंच अर्धवट सोडून खाली उतरला.