रोझी नेनीच्या कोटाचं बटण

कसाश वेंडेल लहान होता तेव्हा मोहाच गावात कुणाच्या कोटाची बटणं सुरक्षित नव्हती. एकट्या वेंडेललाच कशाला दोष द्यायचा, अख्ख्या हंगेरीतली पोरं तेव्हा याच धंद्यात होती. हिवाळ्यात मैदान बर्फाखाली गेलं की जेवणाच्या टेबलावर बटणांचा फुटबॉल सुरू व्हायचा. काडेपेटी गोलरक्षक, सदऱ्याचं इवलंसं बटण चेंडू आणि दगडावर घासून मेणाने गुळगुळीत केलेली मोठी बटणं खेळाडू. कंगव्याने कड दाबली की सुळकन पळायची. बचावाला विजारीची बटणं चालत. पण आघाडीला बटण हवं ते बाईच्या हिवाळी कोटाचंच. जाड, काळं, शिंगाचं.

दहाव्या वर्षी वेंडेलने ते आपल्या आईच्या कोटावरून कापलं. सगळ्यात वरचं, गळ्याशी येणारं.

आई, रोझालिया, विधवा बाई; गाव तिला रोझी नेनी, म्हणजे रोझी मावशी, म्हणायचं. घर डॅन्यूब नदीच्या पलीकडे बेटावर आणि नोकरी अलीकडे, रेशमाच्या गिरणीत. रोज पहाटे होडीने यायची. बटण धक्क्यावरच पडलं, अशी तिची खात्री झाली. मग रोज होडी धक्क्याला लागली की ती वाकून बर्फ चाचपडायची. नावाड्याने बिचाऱ्याने धक्क्याच्या दोन फळ्याही उचकटून दाखवल्या.

"जाऊ द्या हो रोझी नेनी," तो म्हणाला. "चारशे वर्षांपूर्वी आपल्या मोहाचच्या लढाईत अख्खं सैन्य गेलं, याहून जास्तच. एका बटणाचं काय घेऊन बसलात?"

"लढाईत गेलेल्यांना थंडी वाजत नाही," आई म्हणाली आणि पुन्हा वाकली.

शाळेला निघालेला वेंडेल शेजारीच उभा होता, बटण खिशात. पाच दिवस आई शोधत होती आणि त्या रविवारी काळ्या बटणाने अकरा गोल केले. तो सगळा हिवाळा ती एका हाताने गळा आवळून चालली.

खेळाडू म्हणून वेंडेल फार मोठा झाला नाही, हे कबूल करायला हवं. दुसऱ्या विभागात नऊ वर्षं डाव्या बगलेला पळाला आणि मग गुडघ्याने राम म्हटला. पण खेळ कसा उलगडतो हे त्या माणसाला जे दिसायचं ते भल्याभल्यांना दिसत नसे. प्रशिक्षक झाला आणि सरकारने त्याला परदेशी धाडलं. आधी बर्मा, मग आखात, मग आफ्रिका. भाषा एकही धड येत नव्हती, इंग्रजी तेवढं मोडकंतोडकं. गडी टेबलावर रुमाल पसरायचा, अकरा बटणं मांडायचा, कंगवा काढायचा आणि बोलायला लागायचा, चक्क हंगेरियनमध्ये! पोरांना सगळं समजायचं. ज्या संघांना शेजारीपाजारी मोजत नव्हते, ते याच्या हाताखाली मातब्बरांना घाम फोडू लागले. हे काम सोपं नव्हे, आणि त्याने ते वीस वर्षं नेकीने केलं.

एक खोट मात्र होती. पहिल्याच देशात कुणीतरी विचारलं, हे काळं बटण एवढं जपून का ठेवता? आणि याच्या तोंडून निघून गेलं, "माझ्या आईने स्वतःच्या कोटावरून कापून दिलं. म्हणाली, बाळा, मला थंडी वाजली तरी चालेल, तुझ्या संघाला आघाडीवीर हवा." पोरांचे डोळे भरून आले. मग काय, प्रत्येक संघाला तीच गोष्ट सांगणं आलं, आणि दर खेपेला आई थोडी आणखी थोर होत गेली.

एकोणऐंशीच्या सप्टेंबरात त्याचा आफ्रिकेतला संघ सरावासाठी हंगेरीत आला, आणि गावच्या क्लबशी सामना ठरला तो नेमका मोहाचला. कप्तान इद्रिसू म्हणाला, "बटणाच्या आईला भेटल्याशिवाय आम्ही मैदानात उतरणार नाही." आई म्हातारी आहे, आजारी असते, कानाने अधू आहे, असं वेंडेल सांगत सुटला. पण पोरांना आपल्याला भेटायचंय हे म्हातारीच्या कानावर गेलंच, कारण कान ठणठणीत होते. दुसऱ्या दिवशी तिचा नामदिवस, म्हणजे तिच्या नावाच्या संताचा सण होता.

"पाहुणे दाराशी येतायत आणि तू त्यांना परत पाठवतोस? सगळ्यांना घेऊन ये," तिने फर्मावलं.

अंगणात कढई टांगली होती, पाप्रिका मिरचीने लालभडक झालेला माशांचा रस्सा उकळत होता. वेंडेलने ठरवलं होतं की दुभाषाचं काम आपणच करायचं आणि वेळ मारून न्यायची. पण शेजारची बोरबाला शाळेत इंग्रजी शिकवायची, ती हौसेने पुढे येऊन बसली. आता दोन्हीकडून जाणार, वेंडेलला वाटलं. संघ म्हणेल खोटारडा, आई म्हणेल चोर.

इद्रिसूने कौतुकाने पळी उचलली, तशी रोझी नेनीने फटकन त्याच्या हातावर मारली. "ए, ढवळू नकोस! मासा फुटतो. कढई हलवायची असते." सगळा संघ हसला.

मग इद्रिसू उभा राहिला. वेंडेलच्या बटणांची पुरचुंडी त्याच्याकडेच असायची. त्याने काळं बटण काढलं, तिच्यापुढे गुडघ्यावर बसला आणि बोलला. बोरबालाने शब्दन् शब्द सांगितला, "तो म्हणतो, तुम्ही थंडीत कुडकुडलात पण हे मुलाला कापून दिलंत. आमच्या देशात सगळी पोरं तुम्हाला ओळखतात."

म्हातारीने बटण हातात घेतलं. उलटं केलं, सुलटं केलं. वेंडेल जमिनीकडे बघत होता.

"हो," ती म्हणाली. "दिलं मी. थंडी फार होती त्या वर्षी. पण पोराला आघाडीवीर हवा होता ना."

पाहुणे गेले. आई भांडी विसळत होती, वेंडेल फडकं घेऊन शेजारी उभा.

"तुला कधी कळलं?" त्याने विचारलं.

"तिसऱ्या दिवशी. टेबलावर बघितलं, तू काडेपेटीवर नेम धरत होतास."

"पण तू तर पाच दिवस शोधत होतीस."

"हो, पुढचे दोन दिवस मी बटण नव्हते शोधत," आई म्हणाली. "तू शेजारीच उभा असायचास. म्हटलं, आज सांगेल."

त्रेपन्न वर्षांचा बाप्या तो, राष्ट्रीय संघाचा प्रशिक्षक, हातातलं फडकं डोळ्यांना लावून रडला. "आई, बटण मी घेतलं होतं."

"बरं. आता शिवून दे."

डांबराच्या गोळ्यांचा वास मारणारा तो कोट कपाटात होता. वरच्या काजासमोरची जागा तिने रिकामीच ठेवली होती, दुसरं बटण कधी लावलंच नाही. वेंडेलने सुई तीनदा बोटात टोचून घेतली, पण टाका पक्का घातला.

दुसऱ्या दिवशी सामन्याआधी त्याने रुमाल पसरला आणि दहाच बटणं मांडली. मग संघाला खरं ते सांगून टाकलं, धक्क्यासकट, खिशासकट. कुणी हसलं नाही. आघाडीच्या रिकाम्या जागेकडे बघत इद्रिसूने एवढंच विचारलं, "मग त्या हिवाळ्यात तुमच्या आई काय करायच्या?"

वेंडेलने सदऱ्याची कॉलर मुठीत आवळून दाखवली.

संघ मैदानात आला तेव्हा ऊन चांगलंच तापलं होतं. पहिल्या बाकावर रोझी नेनी बसली होती, काळ्या हिवाळी कोटात, गळ्यापर्यंत सगळी बटणं लावून. कपाळावरून घामाच्या धारा. इद्रिसूने तिच्यासमोर थांबून छातीवर हात ठेवला. मागून बाकीच्या दहा जणांनीही.

"नेनी, काढा की तो कोट, उकडून मराल!" बोरबाला म्हणाली.

"गप गं," म्हातारीने वरच्या बटणावर हात ठेवला. "बेचाळीस वर्षं गळा गारठलाय माझा. जरा ऊब घेऊ दे."