पंच्याचे ठोके

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, सोबत शिकलेल्या मैत्रिणींनाही नाही. तुम्हाला का सांगतेय? तुम्ही मला ओळखत नाही — एवढंच कारण असेल.

बदलापूर गावात माझा दवाखाना आहे. लक्ष्मणकाका माझे जुने पेशंट, निवृत्त फिटर, बीपीच्या गोळ्या चालू. त्यांच्या मुलानं, निलेशनं, उल्हासनगरच्या कॅम्प पाचच्या बाजारातून त्यांना स्वस्तातलं स्मार्ट घड्याळ आणून दिलं आणि त्यातले आकडे माझ्या मोबाइलवर दिसतील अशी सोय केली. मला बरंच झालं. दवाखान्यात गर्दी, काकांचा गुडघा दुखरा — कशाला बोलवायचं? काकूंना मात्र मी दम दिला होता, आकडे रोज आलेच पाहिजेत.

आकडे येत राहिले. मग काका फोनवर म्हणू लागले, चक्कर येते, उठलं की डोळ्यांपुढे अंधारतं. गोळीनं नाडी फार मंदावली की असं होतं, हे मला ठाऊक नव्हतं का? होतं. पण मोबाइलवर ठोके अगदी छान दिसत होते. मी म्हटलं, गोळ्या चालू ठेवा.

एका दुपारी काकूंचा फोन आला — हे उठत नाहीत. मी आधी मोबाइल पाहिला. ठोके चालू होते. म्हणून समोरचा पेशंट संपवला, मग निघाले. सावकाश.

काकांचा हात गार पडला होता. छातीला स्टेथोस्कोप लावला — काही नाही. आणि शेजारी ठेवलेल्या मोबाइलवर त्यांचे ठोके चालूच. एक वर, दोन खाली, जिवंत माणसाचे बदलतात तसे बदलत होते. उशाशी काकांचा पंचा गुंडाळून ठेवला होता आणि घड्याळ त्याला बांधलेलं, खालून हिरवा उजेड लुकलुकत होता. पट्ट्यानं काकांना खाज सुटायची, म्हणून काकू कित्येक दिवस ते पंच्यालाच बांधत होत्या. आकडे तर येत होते ना? मला तेवढेच हवे होते.

काकू शेजाऱ्यांना बोलवायला गेल्या. खोलीत मी आणि काका. मी घड्याळ सोडलं आणि काकांच्या मनगटावर बांधलं. का? खात्री करायला, असं तेव्हा वाटलं. आकडा फिरला, थांबला — चौऱ्याहत्तर. गेलेल्या माणसाच्या हातावर चौऱ्याहत्तर. तो हिरवा उजेड कशावरही पडला, तरी हे घड्याळ मनानंच ठोके दाखवत होतं. म्हणजे काकूंनी ते हाताला बांधलं असतं, तरी मला काय कळणार होतं? काकांना समोर बसवून नाडी धरायला हवी होती. मी.

पावलं वाजली तशी मी घड्याळ परत पंच्याला बांधून टाकलं.

काकूंनी विचारलं, "मॅडम, यांच्या हाताला बांधलं असतं त तुम्हाला कळलं असतं ना?"

नाही — एवढंच म्हणायचं होतं. पण निलेश कंपनीतून धावत येऊन दारात उभा होता, आणि मी घाबरले. त्याच्या प्रश्नांना, दवाखान्याचं नाव खराब होण्याला. म्हणाले, "मी तर रोज सांगत होते, काकू."

निलेश आता अंबरनाथला वेगळा राहतो. आईशी बोलत नाही. परवा मुलीचा ताप दाखवायला आला होता. मी औषध लिहीत असताना म्हणाला, "आईनं एवढं साधं काम नीट केलं असतं, तर बाबा आज असते ना, मॅडम?"

मी मान वर केली नाही. हो म्हणाले.