झिरकी बोलणारी माणसं

आमच्या नाट्यमंडळाचे प्रयोग मोजायला एका हाताची बोटं पुरतात, पण किस्से सांगत बसलो तर चहा तीनदा गार होईल. त्यातले निम्मे एकाच नाटकाचे आहेत.

नाटक लिहिलं इंगोले सरांनी. सर वाशीमला हायस्कूलवर मराठी शिकवतात. माझं तिथंच झेरॉक्सचं दुकान. तिसरी शिल्पा, शिरपूरची, दवाखान्यात नर्स. नाटकातली माणसं डोंगराच्या पोटात राहणारी, म्हणून सरांनी त्यांच्यासाठी अख्खी भाषाच तयार केली. नाव झिरकी. वहीभर शब्द, व्याकरण, लिपीसुद्धा. बोलताना ओठ मिटायचेच नाहीत. प, ब, म हे आवाजच नाहीत. सगळं घशातून.

*

एका सकाळी सरांच्या आईचा फोन. "गजानन, लवकर ये बाप्पा. त्याचे ओठ मिटून नाही राह्यले."

सरांचे वडील लकव्यानं गेलेले. आईनं दारातून पाहिलं तर लेक आरशापुढे तोंड उघडं टाकून घशातून आवाज काढतोय. मी पोचलो तोवर तिनं त्याला ऑटोत बसवलं होतं. सर सांगत होते, "माय, मले काई झालं नाही." पण ऐकतं कोण?

डॉक्टरांनी सगळं ऐकून घेतलं, दोघांचंही बीपी तपासलं. सरांचं उत्तम. आईचं वाढलेलं. गोळी तेव्हापासून तिला चालू आहे.

*

झिरकीचं व्याकरण मोठं वाईट. स्वतः पाहिलेलं सांगायचं तर क्रियापदाला एक शेपूट, ऐकलेलं सांगायचं तर दुसरं. पहिला प्रयोग अनसिंगला. मी पहारेकरी. राणीपुढे धावत येऊन मला एवढंच सांगायचं होतं की राजा मेला, असं ऐकलं.

समोर गच्च गर्दी. ऐनवेळी शेपूट चुकलं. मी म्हणालो, राजा माझ्या डोळ्यांदेखत मेला.

राणी होती शिल्पा. तिनं माझ्याकडे असं पाहिलं की मला खरंच घाम फुटला. मग तिनं सैनिकांना खूण केली आणि मला कैद करवलं. शेवटचा अर्धा तास मी खांबाला बांधलेला होतो. पडदा पडल्यावर म्हणाली, "गजूभाऊ, तू पाहत उभा होता, तर वाचवलं काहून नाही?"

*

लिपी खालून वर लिहायची, तुरीचं झाड वाढतं तशी. शिल्पाला ती पाठ होईना. म्हणून तिनं घराच्या गल्लीतल्या भिंतीवर खडूनं एक ओळ लिहून ठेवली. पाणी भरताना येता-जाता वाचायची.

दोन दिवसांनी गल्लीत बायकांचा घोळका. शेजारचे किराणावाले काका सांगत होते, "ह्या चोराच्या खुणा हायेत. कोनतं घर लुटाचं, ते लिहून गेले." घोळक्यात शिल्पाही उभी होती. कबूल करायला तोंड उघडलं, पण सगळ्यांचे चेहरे पाहून तिला धीर झाला नाही. काकांनी फोटो काढला, खाली 'सावधान' लिहिलं आणि ग्रुपवर टाकला.

संध्याकाळी तो फोटो माझ्या बायकोच्या मोबाइलवर. "हे पाहा, चोरांची भाषा." मी जेवता जेवता, काही विचार न करता, वाचून टाकलं, "दार उघडं आहे, सावकाश या."

बायकोच्या हातातली पोळी तव्यावरच राहिली. तिला सगळं समजावेपर्यंत ती पार काळी झाली.

*

मग किन्हीराजाच्या पुढच्या एका गावात, शाळेत प्रयोग ठरला. गावाचं नाव घेत नाही, माणसं वाईट नव्हती. भर दुपार. सरांच्या गाडीत आम्ही तिघंच, बाकी मंडळी मागून येणार होती. शाळेचा रस्ता विचारायला पारापाशी थांबलो. शिल्पानं तिथल्या एका मुलीला बिस्किटाचा पुडा दिला आणि सरांशी झिरकीत संवाद घोकायला लागली.

बघता बघता गाडीपुढे बैलगाडी आडवी लागली. दहा माणसं, मग पन्नास. किल्ली काढून घेतली, फोन काढून घेतले. मागच्या सीटवर आमच्या लिपीतला फलक होता. एकानं त्याच्या शेजारी मोबाइलवरचा तो 'सावधान'वाला फोटो धरला.

"हेच ते. लेकरं पळवनारे."

नाटकाची भाषा आहे, शाळेत विचारा, असं मी कितीदा तरी म्हणालो. माझा आवाज मलाच ऐकू येत नव्हता. कोणीतरी सरांची कॉलर धरली. तेवढ्यात एक म्हातारा पुढे झाला. "थांबा. हे म्हनतेत का भाषा हाये. असंन तर दोघांची एकच असंन. बाईले पाराच्या पलीकडे न्या."

शिल्पाला नेलं. म्हाताऱ्यानं सरांना विचारलं, "पानी?"

"सिरा."

तो पलीकडे जाऊन आला, मान हलवली. "माती?"

"दोख."

पुन्हा गेला, पुन्हा मान हलवली. गर्दी जरा सैल झाली. तेव्हा कडेवर पोर घेतलेली एक बाई मागून म्हणाली, "लेकराले काय म्हनते, ते विचारा."

सरांनी तोंड उघडलं. पुन्हा मिटलं. मग म्हणाले, "तो शब्द नाही. कराचा राहून गेला."

"पाह्यलं?" कोणीतरी म्हणालं. दोघांनी काठ्या उचलल्या.

म्हातारा पलीकडे गेला. पारामुळे मला शिल्पाचा नुसता माथा दिसत होता. शिल्पा हुशार, अडली की जागच्या जागी काहीतरी जुळवून बोलते. मी मनात म्हणत होतो, आज नको, शिल्पा, आज नको.

तो सावकाश परत आला. किल्ली सरांच्या हातात ठेवली. "बाई म्हनते, सरनं तो शब्द देल्लाच नाही. सोडा रे रस्ता."

प्रयोग काही झाला नाही. किन्हीराजाच्या फाट्यावर सरांनी गाडी कडेला घेतली. शिल्पानं वही काढली आणि बराच वेळ पानं उलटत राहिली. मग एका ओळीवर बोट ठेवून वही आमच्यापुढे धरली. सरांचंच अक्षर होतं.

लेकरू : लुई.

"मले आठवलाच नाही, सर," ती म्हणाली.

सरांनी वही मिटली. "मलेबी," म्हणाले.