बेबीचा नंबर

नात्यागोत्याची चौकशी केल्याशिवाय कुणाला इंटरनेट न देणारा माणूस अख्ख्या खान्देशात एकच निघेल, आणि तो नेमका माझाच साडू निघावा, हे माझं भाग्य! रनाळ्याला त्यांच्या घरी पाहुण्याने वायफायचा पासवर्ड विचारला, की साडूभाऊ आधी पाणी देतात, मग उलटतपासणी घेतात. "कोनता गावना? कोना पोऱ्या? मामानं गाव कोनतं?" तो बिचारा सोयरीक जुळवायला आल्यासारखी उत्तरं देतो. मामाचं गाव ओळखीचं निघालं की पासवर्ड मिळतो. नाही निघालं तर नुसता चहा.

या सगळ्या कारभाराचं मूळ म्हणजे तळहाताएवढा एक कॉम्प्युटर. ना पडदा, ना बटणं, नुसती हिरवी पट्टी. घरामागच्या केळीच्या बागेतला पंप मोबाईलवरून चालवायचा म्हणून त्यांनी तो मागवला, व्हिडिओ बघून बघून जोडला, आणि घरातले सगळे मोबाईल, टीव्ही, पंप त्याच्या हुकमात आणून ठेवले. त्याला धूळ लागू नये म्हणून आक्कांचा, म्हणजे माझ्या मोठ्या मेहुणीचा, पोळ्यांचा स्टीलचा डबा घेतला. मग तो आत तापू नये म्हणून डब्याला ड्रिलने भोकं पाडली. "मन्हा सोनासारखा डबानी चाळनी करी टाकी!" हे आक्का आजही प्रत्येक पाहुण्याला ऐकवतात. साडूभाऊ शांतपणे डबा पुसत बसतात.

त्या डब्यात घरातल्या प्रत्येकाला त्यांनी कायमचा नंबर देऊन ठेवलाय, तोही मानपानाप्रमाणे. पहिला आक्कांच्या मोबाईलला, दुसरा बेबीच्या, मग स्वतःच्या, शेवटी पंपाला. बेबी म्हणजे त्यांची एकुलती एक लेक, लग्न होऊन सुरतेला गेलेली. तिचा नंबर दुसऱ्या कुणाला द्या म्हटलं तर अंगावर येतात. "सासरले गयी म्हनीसन घरमाईन नाव काढतस का?" जेवायच्या वेळी नेट आपोआप बंद होतं, पण जावई घरात असले की तो नियम गुंडाळून ठेवतात. जावयाचं नेट बंद करायचं म्हणजे पुढचं ताट ओढून घ्यायचं, नाही का!

आणि ती घंटा! एकदा बेबी न कळवता आली, तेव्हा ही दोघं बागेत. पोर कुलूपबंद दाराशी उन्हात बसून राहिली. भाकरीचा तुकडा ओवाळून टाकायला, पायांवर पाणी घालायला कुणी नाही. साडूभाऊंना ते फार लागलं. तेव्हापासून बेबीचा मोबाईल फाटकाशी आला आणि डब्याला ओळख पटली, की स्वयंपाकघरात बागेपर्यंत ऐकू जाईल अशी घंटा वाजते.

यंदा आखाजीला ती घंटा वाजणार की नाही, एवढाच त्या घरात प्रश्न होता. आमच्याकडे आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, हा लेकींनी माहेरी यायचा सण, आणि बेबीची मागची आखाजी हुकली होती. साडूभाऊंनी निंबाला झोका बांधला, आक्कांनी सांजोऱ्या तळल्या. नेमका मी दुकानासाठी कापड आणायला सुरतेला गेलो, बेबीकडे डोकावलो, तर तिच्या सासूबाई पाय मोडून अंथरुणावर. "औंदा जमाव नही, मावसा. बाबाले तुम्हीनच सांगा, मन्ही हिंमत नही," म्हणत तिने एक पिशवी हातात दिली. तिने नवा मोबाईल घेतला होता. जुना आईसाठी पाठवत होती, आपल्या लेकराचे फोटो भरून.

आखाजीच्या आदल्या दिवशी रनाळ्याला उतरलो. कसं सांगायचं, याची वाक्यं वाटभर जुळवत होतो. पिशवीतला मोबाईल चालू की बंद, हे बघायचं मला कुठून सुचणार! फाटकाला हात लावला मात्र, आत घंटा खणाणली. "बेबी उनी! बेबी उनी वं!" साडूभाऊ अनवाणी धावत आले, एका हातात पाण्याचा तांब्या, दुसऱ्यात भाकरीचा तुकडा. मागोमाग आक्का, पिठाच्या हातांनी. साडूभाऊंनी माझ्याकडे बघितलं, मग माझ्या मागच्या रस्त्याकडे बघितलं. "साडूभाऊ, तुम्हीन? बेबी कोठे शे?"

मी पिशवीतून मोबाईल काढून पुढे केला. जुळवलेलं एक वाक्य आठवेल तर शपथ! सासूबाईंच्या पायाचं कसंबसं सांगितलं. साडूभाऊंनी तो तुकडा माझ्यावरून ओवाळून टाकला आणि अख्खा तांब्या माझ्या बुटांवर ओतला. "भायेर आनेल तुकडा परत घरमा नेतस नही," म्हणाले. मला हसूही आलं आणि भडभडूनही आलं. त्या आखाजीला झोक्यावर कुणीच बसलं नाही.

आता तो मोबाईल आक्का वापरतात. आक्का दळण घेऊन आल्या की घंटा, देवळातून आल्या की घंटा. परवा न राहवून म्हटलं, "साडूभाऊ, ती घंटा आता बेबीच्या नव्या मोबाईलला जोडा की."

"नवा मोबाईललेबी नंबर दिधेल शे," डबा पुसत ते म्हणाले. "पन हाई ऱ्हाऊ द्या. दिनमा दोन-च्यार येळ तरी बेबी घर येस."

तेवढ्यात घंटा वाजली. आक्का बाजारातून आल्या, हे आम्हा दोघांनाही ठाऊक होतं. तरी साडूभाऊ उठले आणि फाटकापर्यंत जाऊन बघून आले.