काजू कतलीच्या डब्यातलं कार्ड

मंडळी, सकाळी बाबांचा चेहरा बघवत नव्हता. आता विचाराल तर आम्ही पेढे वाटायच्या तयारीत आहोत!

बाबांचं करोल बागेत गाड्यांच्या पार्ट्सचं दुकान आहे. गुरुग्रामच्या एका गिऱ्हाईकाने उधारीच्या मालापोटी हुंडीवर, म्हणजे ठरल्या तारखेला पैसे देण्याच्या कागदावर, सही केली होती. पैसे चार वर्षांपूर्वीच द्यायचे होते. "भला माणूस आहे, देईल," म्हणत बाबा थांबले.

आज मी बाबांना घेऊन वकिलांकडे गेले, तर वकीलबाई म्हणाल्या, "काका, दावा तीन वर्षांत करायचा असतो. मुदत गेली. त्याने मधे कधी लेखी कबुली दिली होती?"

मला एकदम दोन वर्षांपूर्वीची दिवाळी आठवली. त्याने काजू कतली पाठवली होती. बाबांनी रागाने डबा वॉचमनला दिला, पण आतलं कार्ड सुंदर म्हणून आईने ठेवून घेतलं. लगेच तिच्याकडून फोटो मागवला. "अंकलजी, आपकी हुंडी का पैसा बाकी है, शर्मिंदा हूँ." खाली झोकदार सही!

वकीलबाई हसल्या. "मुदतीच्या आत सहीनिशी कबुली! तिथून नवी तीन वर्षं मोजायची."

तुम्हीही जुनी कार्डं जपता ना?

बाबा मात्र परतताना मेट्रोत हळहळत होते, "ती काजू कतली खायला हवी होती यार!"