पाच नंबरच्या नावावर

तू काय काम करतेस असं कोणी विचारलं की मी सरळ सांगते, मी फुटबॉलच्या मॅचेस बघते आणि त्याचा मला पगार मिळतो. समोरचा माणूस हसतो. मी हसत नाही हे लक्षात आलं की तोही गप्प होतो. हैदराबादेत आबिड्सला एका कपड्याच्या दुकानाच्या वरच्या मजल्यावर आमचं ऑफिस आहे. इंग्लंडमध्ये शनिवारी खेळलेल्या मॅचेस रविवारी सकाळी आमच्या स्क्रीनवर येतात. चेंडूला ज्याचा ज्याचा पाय लागला त्याची आम्ही बटणं दाबून नोंद करतो. पास, टॅकल, हेडर, कॉर्नर. तिकडचे क्लब ही माहिती विकत घेतात आणि कोणाला ठेवायचं, कोणाला काढायचं हे ठरवताना वापरतात. मी स्वतः जन्मात फुटबॉलला पाय लावलेला नाही. मला बघायला आलेल्या एका गृहस्थांनी “मुलीच्या जातीला हे शोभतं का?” असं विचारलं होतं. मी म्हटलं, पगार शोभतो. ते स्थळ तिथंच संपलं. मला त्याचं आजवर वाईट वाटलेलं नाही.

ऑफिसात सगळ्यांना वरची लीग हवी असते, झगमगाटाची. माझ्या वाट्याला खालची आली, चौथ्या पायरीवरची. ओली मैदानं, अर्ध्या रिकाम्या खुर्च्या, आणि छपरावर बसवलेला एकच कॅमेरा, तोही वाऱ्यानं हलणारा. तिथं मला पाच नंबर दिसला. बचावफळीच्या मधोमध उभा राहणारा खेळाडू. आपल्याकडचे जुने फुटबॉलवाले त्याला स्टॉपर म्हणतात. त्याचं नाव मी लिहीत नाही, कारण मी त्याला विचारलेलं नाही.

मोठ्या क्लबात लहानपणापासून वाढलेला, मिसरूड फुटायच्या सुमाराला ‘तुझ्यात ते नाही’ म्हणून बाहेर काढलेला. मग या क्लबाकडून त्या क्लबाला उसना दिलेला, आणि शेवटी खालच्या लीगमध्ये स्थिरावलेला. मी त्याला पाहायला लागले तेव्हा तो तिशीत येत होता. पुढच्या काही हंगामांत मी त्याचे केस मागं सरकताना पाहिले, मांडीला पट्टी आलेली पाहिली. एकदा भुवई फुटली तेव्हा डोक्याला फडकं गुंडाळून उरलेली मॅच खेळला. कप्तानाची पट्टी त्याच्या दंडावरून काढून एका पोरगेल्या खेळाडूच्या दंडावर बांधली गेली. त्याच्या पुढच्याच मॅचला तो पूर्वीसारखाच सगळ्यांवर ओरडत होता. मला तो त्या दिवशी फार आवडला.

त्याचं काम असं की समोरचा चेंडू घेऊन धावत आला की तो अंगावर जायचा नाही. हात पाठीमागं धरायचा, म्हणजे चेंडू हाताला लागायला नको, आणि थोडा थोडा मागं सरकायचा, असा की समोरच्याला एकच बाजू मोकळी दिसावी. तो बिचारा त्या बाजूनं जात जात मैदानाच्या कडेला पोचायचा आणि वैतागून चेंडू मागं द्यायचा. संकट टळलं. पण याला आमच्याकडं बटण नव्हतं. चिखलात लोळून चेंडू काढणाऱ्याला टॅकलची नोंद मिळते. ज्यानं लोळायची वेळच येऊ दिली नाही त्याच्या नावावर काही नाही. बोट दाखवून दुसऱ्यांना जागेवर उभं करत राहायचा, त्यालाही बटण नाही. आकड्यांवर गेलात तर पाच नंबर दीड तास मैदानात हवा खायला आला होता.

हे मी घरी बाबांना सांगायची. आजोबा परभणीकडची शेती सोडून हैदराबादला आले, बाबा वीजखात्यात लागले, आणि ते निवृत्त झाल्यावर आम्ही दोघं दिलसुखनगरच्या फ्लॅटमध्ये राहायला लागलो. आई तोवर गेली होती. मी लॅपटॉपवर जुन्या मॅचेस काढून बसले की बाबा शेजारी खुर्ची ओढायचे.

“हा नुसता उभाच रहायलाय की,” ते म्हणायचे. “पळंना का?”

“बाबा, त्याच्याकडं नका बघू. समोरचा कुठं चाललाय ते बघा.”

बघता बघता त्यांना ते दिसायला लागलं. मग रविवारी मी ऑफिसातून आले की चपला काढायच्या आत प्रश्न यायचा, “आपला पाच नंबर काय म्हणतो?” जणू तो चुलत्याचा मुलगा होता आणि नोकरीसाठी परगावी राहत होता.

हिवाळा सरता सरता, एका रविवारी मी ऑफिसात असताना बाबा न्हाणीघरात पडले. वरच्या मजल्यावरच्या तेलुगू अक्कांनी आवाज ऐकला, वॉचमनला बोलावून दार उघडवलं आणि मला फोन केला. खुब्याचं हाड मोडलं होतं. ऑपरेशन झालं. माझा थोरला भाऊ पुण्याहून विमानानं आला. तो तिथं कॉम्प्युटरच्या मोठ्या कंपनीत आहे. तो आला, सर्जनशी इंग्रजीत बोलला, इन्शुरन्सच्या माणसाला झाडलं, खोली बदलून घेतली. नातेवाईक म्हणाले, मुलगा आला म्हणून निभावलं. खरंच त्यानं बरंच निभावलं, मी नाही म्हणत नाही.

पण दवाखान्याच्या पॅसेजमध्ये, वहिनी आणि आत्या उभ्या असताना, तो मला म्हणाला, “रविवारचं घरी कोणीच नसतं हे मला माहीत नव्हतं. तू घरात असतीस तर हे झालं नसतं.”

मी काही बोलले नाही. बाबा आत भुलीत पडलेले, तिथं काय भांडायचं? पण माझं गप्प बसणं म्हणजे कबुली असं सगळ्यांनी धरलं. मग आत्याचे फोन उसासा टाकूनच सुरू व्हायला लागले. ‘झालं ते झालं, तुला काय मुद्दाम करायचं होतं का’ असं म्हणायचं आणि फोन ठेवायचा. मी न मागताच मला माफ केलं जात होतं.

दादानं ठरवून टाकलं. बाबांना चालता यायला लागलं की पुण्याला न्यायचं आणि इथलं घर बंद करायचं. बाबांना ते नको होतं. वॉकर धरून हॉलमध्ये फेऱ्या मारताना ते मला म्हणायचे, “मला तिकडं नक्को. तिथं मी कोणाशी बोलू? इथं खाली उतरलं तर इस्त्रीवाला सुद्धा तब्येत विचारतो.” पण हे ते दादाला सांगायचे नाहीत. दादाचा फोन आला की “हो, हो, बघू” म्हणायचे. शिकून मोठा झालेल्या मुलाला नाही म्हणायची त्यांना सवयच नव्हती. ते ओझं माझ्यावर होतं आणि मीही ते उचलत नव्हते.

त्याच दिवसांत हंगामातली शेवटची मॅच आली. ती बरोबरीत सुटली असती तर पाच नंबरच्या क्लबाची लीगमधली जागा टिकणार होती, हरले तर खाली. त्याचा करारही त्याच महिन्यात संपत होता, हे मी वाचलं होतं. शेवटची काही मिनिटं उरली असताना त्यांच्या मधल्या फळीतल्या एकानं नसता नखरा करून चेंडू घालवला. डावीकडचा बचावपटू गोल मारायला पुढं गेलेला, तो परतलाच नाही. समोरून दोघं आले आणि मध्ये हा एकटा. हात पाठीमागं, पावलं मागं. त्यानं त्यांना अडवलं नाही, लांबवलं. कोणीतरी मागून धावत येईल म्हणून तो वेळ काढत होता. कोणी आलं नाही. चेंडू एकाकडून दुसऱ्याकडं गेला आणि गोल झाला.

प्रत्येक गोलनंतर आमच्या स्क्रीनवर एक रकाना उघडतो, चूक कोणाची. मी चेंडू घालवणाऱ्याचं नाव दिलं. तपासणीतून ते शेरा मारून परत आलं. चेंडू गेला तिथपासून गोलपर्यंत फार वेळ गेला आहे, नियमाप्रमाणे चूक जवळच्या बचावपटूची. मी रकाना मोकळा ठेवला. तोही परत आला. मग आमचा टीम लीड खुर्ची सरकवून माझ्याजवळ आला. चांगला माणूस. त्याचे मामू इथल्याच एका खात्याच्या टीमकडून खेळायचे, हे तो दर महिन्याला सांगतो.

“मॅडम, कायकू जिद कर रै आप? लास्ट मॅन है, दबा डालो.”

“भाई, गलती उसकी नै है.”

“गोल हुआ ना? तो किसी की तो गलती होना ना.”

“जो आये नै उनकी लिखो. ये अकेला खडा था.”

“जो आया नै वो दिखताच नै, मॅडम. दिखता उसको लिखते.”

एवढं खरं तो किती सहज बोलून गेला. मी बटणावरचा हात काढून मांडीवर ठेवला आणि म्हटलं, मैं नै दबाती. पगारवाढीचे दिवस होते, सगळे आपापल्या स्क्रीनला चिकटून बसले होते. मला भीती वाटत होती आणि भीतीपेक्षा राग जास्त होता. पाच नंबरसाठी होताच, पण तेवढाच नव्हता. पॅसेजमध्ये जे तोंडात अडकलं होतं ते सगळं वर आलं होतं.

लीडनं शेवटी स्वतःच्या लॉगिननं ते बटण दाबलं. “आपका नाम नै आयेंगा,” तो हळूच म्हणाला, जणू माझ्यावर उपकार करत होता. मी त्याला सांगितलं, माझं नाव यावं, मी नाही म्हटलं असं यावं. पुढच्या हंगामापासून मला दुसरी लीग दिली. पाच नंबरला क्लबानं सोडलं. आता तो आणखी खाली, आमचे कॅमेरे पोचत नाहीत तिथं खेळतो. त्या एका बटणानं काही झालं असेल असं मला वाटत नाही. तरी मी ते दाबलं नाही याचा मला आनंद आहे.

त्या मॅचच्याच आठवड्यात दादा आला. नामपल्ली स्टेशनहून पुण्याची दोन तिकिटं काढूनच आला होता, एक स्वतःचं, एक बाबांचं, खालचा बर्थ. बाबा हॉलमध्ये खुर्चीत बसलेले, शेजारी वॉकर. दादानं त्यांच्या कपाटातले शर्ट बॅगेत भरायला घेतले.

“बाबा इथंच राहतील,” मी म्हटलं.

“हे बघ, मी तुला दोष देत नाही. पण तुझ्याकडून होत नाही हे आता दिसलंय.”

“दोष देतोयस. पॅसेजमध्ये दिलास तेव्हापासून देतोयस. आत्या दर फोनवर देते.”

“मग चूक कोणाची?” त्यानं बॅग खाली ठेवली. “सांग ना. कोणाची तरी असेल ना?”

“का असायला पाहिजे? फरशी ओली होती, म्हातारा माणूस पडला. आणि तुला कोणाच्या तरी नावावर लिहायचंच असेल तर आधी सगळं लिही.” माझा आवाज चढला होता, मी तो उतरवला नाही. “त्यांची साखर उतरली आणि घामानं निथळत होते, तेव्हा तुला फोन आला होता? नाही. कारण मी साखर चारली आणि ते उठून बसले. गॅस चालू ठेवून झोपले होते, तुला कळलं? बीपीची गोळी दुसऱ्यांदा घ्यायला निघाले होते, हातातून काढून घेतली, कळलं? आई गेल्यावर जेवणच सोडलं होतं, ते कसे जेवायला लागले, विचारलंस कधी? काही झालं नाही म्हणून तुला काही कळलं नाही. आणि ते आपोआप टळलं नाही. मी होते म्हणून झालं नाही. एवढ्या वर्षांत एकदा काहीतरी झालं, ते तेवढं माझ्या नावावर? मी नाही घेणार.”

दादा वाईट नाही. त्याला खरंच ठाऊक नव्हतं, आणि ठाऊक नाही हे त्याला त्या क्षणापर्यंत ठाऊक नव्हतं. मग तो बाबांकडं वळला.

“बाबा, तुम्ही सांगा. तुम्हाला काय पाहिजे?”

हाच प्रश्न मला हवा होता आणि याच प्रश्नाची भीती होती. बाबा “हो, हो, बघू” म्हणतील आणि माझं सगळं बोलणं हवेत जाईल. बाबांनी दादाकडं पाहिलं, मग बॅगेतल्या शर्टांकडं. वॉकर पुढं ओढला आणि उठले. दादा धरायला धावला तर त्यांनी कोपरानं त्याला दूर केलं. एक एक पाऊल टाकत ते न्हाणीघरापाशी गेले, आत शिरले आणि दार लावून घेतलं.

आम्ही दोघं बाहेर उभे राहिलो. आतून नळाचा आवाज आला. मग तोंडावर बोलायला जे जमलं नव्हतं ते दाराआडून आलं.

“एक तिकीट वापस कर रे.”

दादानं दाराला हात लावून पाहिलं. डॉक्टरांनी बजावलं होतं, कधीही आतून बंद करायचं नाही.

“कडी लावलीय त्यांनी,” तो घाबरून म्हणाला.

“लावू दे,” मी म्हटलं.