हऱ्याच्या खटल्यामागे

वसुधाबाईंची ओळख झाली, की दोन-तीन वाक्यांनंतर प्रश्न यायचाच, "तुमच्याकडे हऱ्याबद्दल काय सांगतात?" रोह्याच्या कॉलेजात मी मराठी शिकवायला लागले, तेव्हा इतिहासाच्या या बाईंनी मलाही तेच विचारलं. मी पेणची. म्हटलं, "तीन खून केले त्यानं." चष्म्यावरून बघत त्या म्हणाल्या, "पाहिलंत की ऐकलंत?"

हऱ्या धरमतरकडच्या मिठागरात राबणारा माणूस. माझ्या जन्माआधी एका उन्हाळ्यात खाडीत तीन प्रेतं सापडली. खटला फक्त त्यांतल्या एकाच्या, मिठागराच्या मुकादमाच्या खुनाचा झाला, पण लोकांनी तिन्ही प्रेतं हऱ्याच्याच माथी मारली. तो तुरुंगातच मेला. पोरं जेवेनात, की आया त्याच्या नावानं भीती घालायच्या.

बाईंनी उभा जन्म या खटल्यापायी घालवला, आणि तोही मजेत. एकदा एसटीत, धाटावच्या कंपनीतून शिफ्ट संपवून आलेला एक जण हऱ्याचा चौथा खून रंगवून सांगत होता. बाईंनी त्याला इतकं खोदून विचारलं, की तो हात जोडून म्हणाला, "बाई, तीनच व्हते. आता झोपू द्या." सगळी गाडी हसली. सर्वांत मोठ्यानं बाई.

हऱ्याची मुलगी हिराबाई नवरा गेल्यापासून धरमतरजवळच्या आपल्या गावाच्या कडेला एकटी राहायची. तिच्या ओटीवर गावातलं कुणी चढत नसे. बाई मात्र दर रविवारी जायच्या आणि तिच्या हातचा जवळा, भाकरी खाऊन यायच्या. खटल्याचा विषय तिथे काढायच्या नाहीत. "तेव्हा ती एवढीशी होती. तिला कशाला दुखवायचं?" म्हणायच्या.

अखेर मेलेल्यांच्या घरच्यांना भेटून, त्या उन्हाळ्यात खाडीत उलटलेल्या एका होडीतून वाचलेल्या म्हाताऱ्याला गाठून बाईंनी छडा लावला. दोघं त्या होडीतले, बुडून मेले होते. मुकादमाला मात्र हऱ्यानंच मारलं होतं. हे हिराबाईला कसं सांगायचं, या धास्तीनं त्यांनी किती तरी रविवार चुकवले. शेवटी मला सोबत घेऊन गेल्या.

"हिरे, दोघांचा आळ खोटा. पण मुकादमाला तुझ्या बापानंच मारलं गो."

हिराबाई तांदूळ निवडत होती. तिचा हात थांबला नाही.

"मना ठाव हाय. आयशीवर हात टाकला मुकादमानं. मी तठंच व्हते."

"मग इतकी वर्षं बोलली का नाहीस?"

"तुमी इचारलंच नाय. आन सांगितलं असतं, तं तुमी परत आल्या असत्या?"

बाई डोळे पुसत हसायला लागल्या. "जन्म गेला माझा, हिरे!"

"फुकट नाय गेला. दोन डाग पुसलं ना? चला, हात धुवा."

पुढे हिराबाईच्या संमतीनं बाईंनी ही सारी हकिगत गावच्या देवळात वाचून दाखवली. त्यावरचं बाईंचं पुस्तक नंतर आलं. रविवार चालूच राहिले.

गेल्या वर्षी बाई शांतपणे गेल्या. त्यांच्या रोह्याच्या घरी माणसं जमली होती. एक रिक्षा थांबली. हिराबाई उतरली, आणि तिला दोन्ही बाजूंनी धरून गावातल्या दोन शेजारणी. दारात बाईंच्या भाच्यानं विचारलं, "आपण कोण?"

जन्मभर नवऱ्याचंच नाव सांगत आलेली हिराबाई सगळ्यांना ऐकू जाईल अशी म्हणाली, "मी हऱ्याची पोर. बाईंच्या घरातली."